घरचे भांडण आणि ठाण्यातील ‘स्वखुशी’

२६ मार्च १९७२ रोजी तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातील देसाईगंज पोलीस ठाण्यात एका भावाने आपल्या बहिणीला पळवून नेल्याची तक्रार केली. आईबाप नसलेली, मजुरीवर जगणारी ही आदिवासी भावंडे. बहीण ज्या घरी कामाला जाई, त्या घरच्या नातलग तरुणाशी तिचे जुळले होते. वाद होता तो एवढाच. ठाण्याने सर्वांना बोलावून जबान्या घेतल्या, रात्री इतरांना बाहेर धाडले आणि मुलीला मागे ठेवून घेतले. तिच्यावर ठाण्यातच बलात्कार झाला. उच्च न्यायालयाने १९७६ मध्ये दोघा पोलिसांना दोषी ठरविले. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये सोडून दिले. अंगावर जखमा नाहीत, सबब संमती होती, हे त्या निकालाचे तर्कशास्त्र! संमती आणि शरणागती यांतील भेद न्यायालयाला दाखवून देण्यासाठी चार कायदेपंडितांना १९७९ मध्ये सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहावे लागले, आणि देशभरच्या स्त्रियांच्या आंदोलनानंतर १९८३ मध्ये कायदा बदलला.

‘पोलिसांनी घरगुती भांडणात पडू नये’ असे म्हणणाऱ्यांचा आवाज आज मोठा आहे. परंतु हे संरक्षण कोणासाठी मागितले जाते? हुंडाछळाच्या तक्रारीत यांत्रिकपणे अटक करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये बजावले. ते योग्यच आहे. अकारण अटक कोणाचीही होता कामा नये. मात्र मार खाल्लेली बायको ठाण्याच्या पायरीवर आली की ‘तुमचा घरचा मामला’ म्हणून तिला परत पाठविणारे हवालदारसाहेब, सज्ञान मुलीने परजातीत लग्न केल्याची तिच्या बापाची तक्रार येताच जीप काढतात. सज्ञान व्यक्ती स्वेच्छेने विवाह करू शकते आणि अशा जोडप्यांचा छळ होऊ न देणे हे पोलिसांचेच कर्तव्य आहे, असा निर्वाळा २००६ मध्येच मिळालेला असताना हे चालते. जमीन आणि जात ज्यांच्या हाती, त्यांच्या कुटुंबाची अब्रू सरकारी खर्चाने राखली जाते. मजुराच्या मुलीला कुटुंबही वाचवीत नाही आणि कायदाही.

कायद्यात तरतूद नाही असे नव्हे. स्त्रीला साक्षीदार म्हणून तिच्या राहत्या ठिकाणाबाहेर चौकशीस बोलावता येत नाही, हे १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १६० मध्ये स्पष्ट होते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम १७९ झाले, आणि त्यास नवे शेपूट जोडण्यात आले: अशी व्यक्ती राजी असल्यास तिला ठाण्यात येण्याची परवानगी देता येईल. राजी! पोलीस पाटील निरोप घेऊन दारात उभा, मागे भाऊबंद, आणि अठरा वर्षांच्या शेतमजूर मुलीने म्हणायचे की मी राजी नाही? १९७८ च्या निकालातील तीच ‘संमती’ मागील दाराने पुन्हा आत आली आहे. ती स्वखुशी कोणासमोर, कशी नोंदवायची, याविषयी कलम मौन पाळते.

हे परंतुक रद्द झाले पाहिजे. ते होईपर्यंत तालुक्यातालुक्यातील कार्यकर्त्यांनी एवढे तरी करावे: साक्षीदाराला बोलावण्याचा आदेश याच कलमानुसार लेखी असावा लागतो. तोंडी निरोप आला की तो कागद मागावा, आणि तो मिळाला तरी जबानी मुलीच्या घरीच, तिच्या विश्वासातील बाईमाणसासमक्ष घेण्याचा आग्रह धरावा.