यंत्रगुरु व वैमानिक

प्रवासी विमानाचा चालक होणें हें केवळ धीट हातांचें काम नव्हे. युरोपांत या धंद्यांतील सर्वोच्च परवान्याकरितां उमेदवारास १३ विषयांची ज्ञानपरीक्षा द्यावी लागते व प्रत्येक विषयांत शेंकडा ७५ गुण मिळवावे लागतात. हवामान, मार्गनिर्देशन, उड्डाणाचीं तत्त्वें, कायदे, एवढेंच नव्हे, तर मानवी देहमनाच्या मर्यादा हाही त्यांतील एक विषय आहे.

हा अभ्यास हल्लीं पुष्कळ उमेदवार नोकरी सांभाळून घरींच संगणकावर करितात. पंखाभोंवतीं वाहणारी हवा संगणक चित्रांत हालती दाखवितो; चूक होतांच सांगतो; तोच धडा दहा वेळां विचारला तरी त्रासत नाहीं. आम्हां शिक्षकांस हा गुण सदैव साधतोच असें नाहीं, हें प्रांजळपणें कबूल केलें पाहिजे. अशा साधनाची निंदा करणें आम्हांस अप्रशस्त वाटतें.

परंतु या सोयीच्या पोटीं एक मोह दडलेला आहे. सरावासाठीं संगणकावर हजारों प्रश्नांचे संग्रह मिळतात. ते पुनः पुनः सोडविणारा कांहीं दिवसांनीं प्रश्नाचा चेहरा पाहूनच उत्तर ओळखूं लागतो. गुण मिळतात, ज्ञान मात्र दारांतच उभें राहतें. आकाशांत तर चार पर्याय मांडून कोणी विचारीत नाहीं. रिओ द जानेरोहून पॅरिसला निघालेल्या एअर फ्रान्सच्या विमानाच्या वेगमापक नळ्या १ जून २००९ रोजीं बर्फकणांनीं तुंबल्या व स्वयंचलित चालकयंत्र बंद पडलें. विमानाचें नाक वर उचललें गेलें, पंखांखालचा हवेचा आधार तुटला. धोक्याची सूचना वाजत असतांही नाक खालीं करण्याचा उपाय वेळेवर झाला नाहीं. साडेचार मिनिटांच्या आंत विमान समुद्रांत कोसळून २२८ माणसें प्राणांस मुकलीं. मृतांस दोष देण्याचा आमचा हेतु नाहीं. गोंधळाच्या क्षणीं उपयोगी पडतें तें पाठ केलेलें उत्तर नव्हे, तर समजलेलें तत्त्व, एवढेंच आम्हांस सांगावयाचें आहे.

युरोपच्या नियमांनींही यंत्रावर सर्व भार टाकलेला नाहीं. दूरशिक्षणाच्या अभ्यासक्रमांत निदान शेंकडा १० वेळ वर्गशिक्षणास दिलाच पाहिजे, अशी अट आहे. आमच्या मतें विद्यार्थ्यानें आणखी एक पाऊल पुढें जावें. बरोबर उत्तर सांपडल्यावर उरलेलीं तीन चूक कां, हें स्वतःच्या शब्दांत वहींत लिहावें. तें न जमल्यास शिक्षकाचें दार ठोठावावें.

विद्यार्थिमित्रहो, अपेक्षित प्रश्न पाठ करणाऱ्या तुम्हांसही हेंच लागू आहे. वाळूवर बांधलेलें घर वादळ येईपर्यंत खडकावरील घराइतकेंच भक्कम दिसतें. वैमानिकाच्या घरांत मात्र इतरांचींही लेंकरें बसलेलीं असतात.