विनोद कोणावर, उत्तर कोणाचे?

रेडिओवर बोलून हसवणारा माणूस आता घरचाच झाला आहे. सकाळचा चहा, कामावर जाताना रिक्षा, रात्री स्वयंपाकघरातला शेवटचा आवराआवरीचा वेळ, या सगळ्यांत त्याची बडबड चालू असते. मुंबईच्या एफएम केंद्रांच्या लहरी आमच्या नांदगावापर्यंत पोचत नाहीत. पण त्या केंद्रांवरची थट्टा मोबाईलवरून पोचते. तिठ्यावर देवगडच्या गाडीची वाट पाहणारी मुले ती ऐकून एकटीच हसताना मी पाहतो. त्यात वावगे काही नाही. प्रश्न असा आहे की, या हसण्यापायी अलीकडे मारहाण होते, नोटिसा निघतात, एखाद्या सभागृहाची मोडतोड होते. एकदा तर एका निष्पाप बाईचा जीव गेला. विनोदवीराला वाटेल ते बोलू द्यावे की त्याला लगाम घालावा, असा वाद प्रत्येक वेळी होतो आणि प्रत्येक वेळी अर्धवट राहतो. मला वाटते, हा वाद आपण चुकीच्या टोकाकडून सुरू करतो. विनोद किती बोचरा आहे हे आपण मोजतो. ज्याच्यावर तो झाला त्याला उत्तर देण्याची सोय आहे का, हे मात्र पाहत नाही.

आधी रेडिओची गोष्ट. आकाशवाणीच्या जमान्यात मुंबई केंद्रावरून टेकाडे भावजी आणि मीनावहिनी घराघरांत शिरले. त्यांची चेष्टा घरगुती होती. टोमणा महागाईला असे, कोणा माणसाचे नाव घेऊन नसे. सरकारी केंद्रावर ते शक्यही नव्हते. २००१ पासून देशात खासगी एफएम केंद्रे आली आणि सूर बदलला. पण सरकारने एक मेख मारून ठेवली. खासगी केंद्रांनी स्वतःच्या बातम्या द्यायच्या नाहीत. पुढे आकाशवाणीच्या बातम्या जशाच्या तशा ऐकवण्याची मुभा मिळाली, तरी स्वतःच्या बातम्यांवरचा निर्बंध राहिला. याचा परिणाम मोठा गमतीचा झाला. शहरातल्या खड्ड्यांबद्दल बातमी देता येत नाही, पण खड्ड्यांवर गाणे म्हणता येते. म्हणजे जे काम वार्ताहराने करायचे ते निवेदकाच्या गळ्यात पडले, तेही विनोदाच्या वेषात.

२०१७ च्या पावसाळ्यात मुंबईत नेमके हेच घडले. रेड एफएम या केंद्रावरची मलिष्का ही निवेदिका सकाळच्या कार्यक्रमामुळे घरोघरी माहीत होती. त्या वेळी 'सोनू' नावाने गाजत असलेल्या मराठी गाण्याच्या चालीवर तिने खड्डे, तुंबलेले पाणी आणि रखडलेली लोकल यांवर विडंबन केले. ते गाणे क्षणात पसरले. महापालिकेत तेव्हा शिवसेनेची सत्ता होती. नगरसेवकांनी तिच्यावर पाचशे कोटींचा अब्रुनुकसानीचा दावा लावण्याची मागणी आयुक्तांकडे केली. पाठोपाठ पालिकेचे कर्मचारी तिच्या घरी पोचले, डेंग्यूच्या डासांच्या अळ्या सापडल्याचे सांगितले आणि नोटीस निघाली. अळ्या सापडल्या असतील, नाही कोण म्हणतो? पावसाळ्यात त्या अनेक घरांत सापडतात. पण गाणे गाजले आणि लगेच त्याच घरात त्या शोधाव्याशा वाटाव्यात, यातला विनोद मूळ गाण्यापेक्षा सरस होता. शिवसेनेच्या बाजूने गाण्याला गाण्यानेही उत्तर दिले गेले. माझ्या मते तेवढेच उत्तर रास्त होते. मलिष्का मात्र गप्प बसली नाही. २०१८ मध्ये 'झिंगाट'च्या चालीवर खड्ड्यांचे दुसरे गाणे तिने केले.

यात पक्षाचा प्रश्न नाही, हे पुढच्या एका प्रसंगावरून दिसते. २३ मार्च २०२५ रोजी खारच्या हॅबिटॅट या छोट्या रंगमंचाची मोडतोड झाली. तिथे चित्रित झालेल्या कार्यक्रमात कुणाल कामरा याने उपमुख्यमंत्री एकनाथ शिंदे यांच्यावर विडंबन केले होते आणि मोडतोड करणारे शिंदे यांच्या पक्षाचे कार्यकर्ते होते. दुसऱ्याच दिवशी पालिकेचे पथक हातोडे घेऊन तिथले अनधिकृत बांधकाम पाडायला हजर झाले. २०१७ मध्ये सत्ता नगरसेवकांची होती, २०२५ मध्ये पालिकेवर प्रशासक होता. माणसे बदलली, पक्ष फुटला, पण विनोद झाला की नियम आठवायची सवय तशीच राहिली.

आता प्रणित मोरेची गोष्ट घेऊ. हा मराठी तरुण रेडिओ मिर्चीवर निवेदक होता. पुढे तो एकट्याने मंचावर उभे राहून हसवू लागला. मराठी आणि हिंदीची सरमिसळ, मध्यमवर्गीय घरातले अनुभव आणि नटनट्यांच्या टोप्या उडवणे ही त्याची शिदोरी. फेब्रुवारी २०२५ च्या सुरुवातीला सोलापुरात त्याचा कार्यक्रम झाला. कार्यक्रम संपल्यावर लोक त्याच्याबरोबर छायाचित्रे काढत होते. त्याच घोळक्यात आलेल्या काहींनी त्याला बेदम मारले. कारण काय, तर वीर पहारिया या नव्या नटावर त्याने केलेला विनोद. हा नट माजी मुख्यमंत्री सुशीलकुमार शिंदे यांचा नातू आणि सोलापूर हे शिंदे यांचे गाव. पण खुद्द वीर पहारियाने या हल्ल्याचा जाहीर निषेध केला, आपला त्याच्याशी संबंध नसल्याचे सांगितले आणि मोरेची माफी मागितली. म्हणजे ज्याच्यावर विनोद झाला त्याला हे उत्तर नकोच होते! मारणारे परस्परच त्याचे वकील झाले होते.

त्याच वर्षी मोरे 'बिग बॉस'च्या घरात गेला. तिथे सलमान खानने, पूर्वी आपल्यावर केलेल्या विनोदांबद्दल त्याला सगळ्यांसमोर सुनावले. मोरेने ते ऐकून घेतले. दोघांत बरोबरी नव्हती हे खरे, सूत्रधाराच्या हातात सगळा खेळ असतो. तरीही ज्याला लागले त्याने तोंडाने सांगितले, कोणाचे हाड मोडले नाही, आणि मोरे डिसेंबरमधल्या अंतिम फेरीत तिसरा आला. सोलापूर आणि हे घर, दोन्ही ठिकाणी विनोदाला उत्तरच मिळाले. एक उत्तर माणसाचे होते, दुसरे टोळीचे.

आमच्या तळकोकणात या गोष्टीचा फार जुना सराव आहे. जत्रेच्या रात्री दशावतार उभा राहतो. त्याच्या पूर्वरंगात, म्हणजे आड दशावतारात, काळ्या वेषातला संकासुर येतो. वेद चोरणारा हा राक्षस मालवणीत बोलतो आणि भटजीची फिरकी घेतो. संवाद लिहिलेले नसल्यामुळे बोलता बोलता गावच्या मानकऱ्यालाही तो चिमटा काढतो. मानकरी त्याच मांडवात पुढे बसलेला असतो. त्याला तिथल्या तिथे उत्तर देता येते, हसता येते, आणि दुसऱ्या दिवशी दोघे बाजारात भेटतात. १९८० मध्ये गंगाराम गवाणकर आणि मच्छिंद्र कांबळी यांनी 'वस्त्रहरण' व्यावसायिक रंगभूमीवर आणले, तेव्हा आख्ख्या कोकणी माणसाचीच थट्टा मांडली. गावात नाटक बसवणाऱ्यांची फजिती पाहायला कोकणी माणूसच सर्वांत जास्त आला, कारण हसणारा आणि हसू होणारा एकच होता. या नाटकाचे पाच हजारांवर प्रयोग झाले. मांडवातले सगळेच गोड होते असे मी म्हणणार नाही. दुबळ्याची, व्यंग असलेल्याची टिंगलही तिथे होत आली आहे आणि तिला उत्तर द्यायला तो दुबळा उभा राहू शकत नव्हता. म्हणून परंपरेतले सगळेच उचलू नये. मांडवाचा नियम तेवढा घ्यावा: ज्याच्यावर बोलायचे तो समोर हवा आणि त्याला तोंड हवे.

रेडिओ या नियमाला सहज बगल देतो. त्याचे सर्वांत दुःखद उदाहरण ऑस्ट्रेलियातले आहे आणि त्याचा धागा आपल्या किनाऱ्याशी जुळतो. डिसेंबर २०१२ मध्ये सिडनीच्या टूडे एफएम केंद्रावरच्या मेल ग्रेग आणि मायकल ख्रिश्चन या निवेदकांनी लंडनच्या एका रुग्णालयात फोन केला. राजघराण्यातली सून केट तिथे दाखल होती. त्यांनी राणी आणि राजपुत्र असल्याची बतावणी केली. फोन उचलला जॅसिंथा साल्डान्हा या मंगळुरूकडच्या परिचारिकेने. तिने तो विश्वासाने आत जोडून दिला आणि दुसऱ्या परिचारिकेने रुग्णाची माहिती सांगितली. हे संभाषण दोघींची परवानगी न घेता प्रसारित झाले आणि जगभर हशा पिकला. तीन दिवसांनी जॅसिंथाने आपले जीवन संपवले. उडुपी जिल्ह्यातल्या शिर्वा गावी तिला मूठमाती देण्यात आली.

असा शेवट होईल हे कोणालाच वाटले नव्हते, निवेदकांनाही नाही, आणि एका थट्टेवर एका मृत्यूचा सगळा भार टाकणेही बरोबर नाही. पण थट्टेची रचना पाहा. नेम राजवाड्यावर धरला होता. राजवाड्याकडे वकील होते, प्रवक्ते होते. लागले मात्र पहाटेच्या पाळीवर फोन उचलणाऱ्या बाईला, जिच्याकडे यातले काहीच नव्हते. ऑस्ट्रेलियाच्या प्रसारण नियामकाने केंद्रावर ठपका ठेवला. केंद्र न्यायालयात गेले आणि २०१५ मध्ये तिथल्या सर्वात वरच्या न्यायालयाने नियामकाची बाजू उचलून धरली. कोणी केंद्र फोडले नाही, कोणाच्या घरी अळ्या शोधायला माणसे गेली नाहीत. चूक झाली तेव्हा कायद्याने सावकाश, पण उघडपणे विचारणा केली.

हे सगळे शेजारी शेजारी ठेवले की आपल्या संतापाची दिशा उलटी आहे, हे ध्यानात येते. मलिष्काने पालिकेवर गाणे केले. पालिकेकडे हजारो कर्मचारी, प्रसिद्धी खाते, रस्ता बुजवायचे डांबरही आहे. तिला उत्तर देता येते. मोरेने नटावर विनोद केला. नटाला उत्तर देता आले, त्याने दिलेही. कामराने उपमुख्यमंत्र्यांवर केला. त्यांना तर रोज माईक मिळतो. इथे आपण मोडतोड सहन करतो, कधी तिचे समर्थनही करतो. पण हिंदी एफएमवर फोन करून एखाद्या दुकानदाराला, कारकुनाला, टॅक्सीवाल्याला 'मुर्गा' बनवतात, तेव्हा घरातले सगळे हसतात. तो माणूस घामाघूम झालेला असतो, नोकरी जाईल म्हणून गयावया करत असतो. त्याचे उत्तर काय? शेवटी 'तुम्ही रेडिओवर आहात' असे सांगून त्याच्याकडूनही हसून घेतात. त्याच्या बाजूने कोणी मोर्चा काढत नाही.

कायदा यात थोडेच करू शकतो. मारहाणीला शिक्षा, परवानगीशिवाय कोणाचा आवाज प्रसारित करायला मनाई, आणि विनोदाचा सूड नोटिशीतून घेणाऱ्या कार्यालयाला जाब, एवढे त्याने नीट केले तरी पुष्कळ. बाकीचे काम घरात होते. मुले मोबाईलवर काही ऐकून हसली की त्यांना रागावू नये, तो बंदही करू नये. 'ज्याच्यावर हसलास, त्याला बोलता येत होतं काय?' एवढेच विचारावे. आमच्याकडे साध्या मालवणीत सांगतात, हसूचा तर हसा, पण दुसऱ्याच्या जीवार नको. ही शिकवण विनोदवीराला जितकी लागू आहे, तितकीच त्याच्यावर हात उगारणाऱ्यालाही. मंत्र्यावरच्या, नटावरच्या, महापालिकेवरच्या विनोदाला हसायला या मुलांनी कचरू नये आणि घाबरलेल्या टॅक्सीवाल्याला हसताना मात्र एकदा थांबावे, इतके जरी साधले तरी मोठे होऊन ती कोणाचा मंच फोडायला जाणार नाहीत.