रद्दीवाल्याला हाक मारण्याआधी...

परीक्षा संपली की हॉस्टेलच्या गेटवर रद्दीवाल्याचा तराजू हजर! नोट्स, फाइली, जर्नल्स... आणि त्यांच्याबरोबर सीनियर्सनी मागे ठेवलेले 'इलेक्ट्रॉनिक्स फॉर यू'चे जुने अंकही किलोच्या भावाने जातात. त्यातले वाचवलेले दोन खोके माझ्या कॉटखाली आहेत. रूम पार्टनर त्यांना 'ढेकणांचं हॉस्टेल' म्हणतो. "सगळं नेटवर मिळतं, मग हा कचरा कशाला?" हा त्याचा रोजचा सवाल.

त्याला दरवेळी एकच गोष्ट सांगतो. 'मूर्स लॉ' आपण व्हायवात पोपटासारखा म्हणून दाखवतो. गॉर्डन मूर यांचा तो मूळ लेख १९ एप्रिल १९६५ च्या 'इलेक्ट्रॉनिक्स' या अमेरिकन नियतकालिकात आला. २००५ मध्ये, चाळीस वर्षांनी, इंटेलला तो मूळ अंक हवा होता. मूर यांची स्वतःची प्रत कुणीतरी वाचायला नेली होती, ती परत आलीच नव्हती. (जर्नल नेऊन गायब होणारी मंडळी तिकडेही आहेत तर!) कंपनीने १०,००० डॉलरचं बक्षीस लावलं. लगेच तिथल्या एका विद्यापीठाच्या लायब्ररीतला बांधीव खंडच नाहीसा झाला. शेवटी अंक मिळाला तो इंग्लंडमधल्या एका इंजिनिअरच्या घरी, फळ्यांच्या जमिनीखाली जपून ठेवलेला. थोडक्यात काय, लेख जगभर होता, अंक मात्र शोधावा लागला.

आता कुणी म्हणेल, हे सगळं स्मरणरंजन! अहो, माझ्या खोक्यातले बरेच अंक निघाले तेव्हा माझा जन्मही झाला नव्हता. आठवण कसली काढणार? माझं म्हणणं वेगळंच आहे. पाठ्यपुस्तक लिहिलं जातं ते निकाल लागल्यावर. कोण जिंकलं ते त्यात असतं. जुन्या अंकात निकाल लागायचाच असतो. मूर यांच्या त्या लेखात एक व्यंगचित्र आहे: दुकानात सौंदर्यप्रसाधनांच्या शेजारी घरगुती कॉम्प्युटर विकायला मांडलेत. १९६५ मध्ये तो विनोद होता! पार्ट्सच्या किमती, जाहिराती, सर्किट चाललं नाही म्हणून वैतागलेल्या वाचकांची पत्रं, पुढच्या अंकातली दुरुस्ती... हे पुस्तकात येत नाही. स्कॅन करणाराही पुष्कळदा लेख तेवढा घेतो, बाकीची पानं सोडतो. आपल्यासारख्यांना धीर देणारं तर त्याच पानांत असतं. मोठमोठ्यांचीही सर्किट्स पहिल्या फटक्यात चालत नव्हती!

म्हणून लायब्ररीतल्या सरांना आणि मॅडमना एक विनंती. जुने खंड राइट-ऑफ करायचे असतील तर जरूर करा, जागेची अडचण आम्हालाही दिसते. पण आधी यादी नोटीस बोर्डावर लावा, आठ दिवस थांबा. आणि हॉस्टेलच्या रीडिंग रूममध्ये एक कपाट द्या. रजिस्टर आम्ही ठेवू. अंक नेणाऱ्याची सही घेतल्याशिवाय सोडणार नाही, मूरसाहेबांचं काय झालं ते माहीत आहे! पहिले दोन खोके माझे. रूम पार्टनर उचलायला एका पायावर तयार आहे.