पाच वर्षांनी मोठे बाबा

दोस्तांनो, शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी नाटक बसायला लागलं की वर्गात काय होतं, ते तुम्हाला ठाऊक आहेच. राजपुत्राचं काम एकालाच मिळतं. मग उरलेल्यांची तोंडं पाहावीत! कुणाच्या वाट्याला म्हातारा येतो, कुणाच्या वाट्याला पहारेकरी, तर कुणाच्या वाट्याला राक्षस. "बाई, मला नको ते म्हाताऱ्याचं काम, दाढी टोचते!" अशी रड सुरू होते. आणि ज्याला राक्षस व्हायचं असतं, तो तर घरी जाऊन सांगतसुद्धा नाही.

आज तुमची ओळख करून देणार आहे ती अशा एका नटाशी, ज्यानं जवळजवळ सगळी हयात ही 'उरलेली' कामं करण्यात घालवली. म्हातारे, बाप, जमीनदार, मांत्रिक, दुष्ट राजे आणि राक्षस! आणि तरीही तेलुगू प्रेक्षकांनी त्याला पदवी दिली ती कोणती, माहीत आहे? 'विश्वनटचक्रवर्ती'! म्हणजे साऱ्या जगातल्या नटांचा सम्राट. राजपुत्राला नव्हे हं, राक्षसाला!

या नटाचं नाव एस. व्ही. रंगाराव. पूर्ण नाव सामर्ला वेंकट रंगाराव. तेलुगू लोकांत घराण्याचं नाव आधी लावतात आणि माणसाचं नंतर, म्हणून 'सामर्ला' हे त्यांचं आडनाव सुरुवातीला आलं. त्यांचा जन्म ३ जुलै १९१८चा, नूझवीड गावचा. हे गाव आता आंध्र प्रदेशात येतं आणि आंब्यांसाठी प्रसिद्ध आहे.

रंगाराव अंगानं थोराड, उंचेपुरे, आवाज घनगंभीर. कॉलेजच्या वयात काकिनाड्याला नाटकाचा नाद लागला. तिथं 'यंग मेन्स हॅपी क्लब' नावाची नाटकवाल्यांची एक संस्था होती, तिच्या नाटकांतून ते कामं करायचे. शिक्षण संपलं आणि नोकरी मिळाली. कुठली असेल? ओळखा पाहू! अग्निशामक दलात! हो, आगीचे बंब घेऊन धावणाऱ्या खात्यात ते अधिकारी होते. सरकारी नोकरी, महिन्याच्या महिन्याला पगार. घरच्यांना आणखी काय हवं?

पण मन नाटकात अडकलेलं. १९४६च्या सुमारास 'वरूधिनी' नावाच्या चित्रपटात काम करायची संधी आली, आणि तीही चक्क नायकाची! रंगारावांनी बंबाच्या नोकरीला रामराम ठोकला आणि मद्रास गाठलं. त्या काळी तेलुगू चित्रपट प्रामुख्यानं मद्रासमध्ये, म्हणजे आजच्या चेन्नईत तयार व्हायचे.

आणि झालं काय? चित्रपट सपशेल पडला!

आता जरा त्यांच्या जागी स्वतःला ठेवून पाहा. सरकारी नोकरी हातची गेलेली. नायक म्हणून केलेला पहिलाच चित्रपट आपटलेला. पुन्हा बोलवायला कुणी येईना. मग रंगारावांनी काय केलं? रडत बसले नाहीत. पोट तर भरायला हवं ना! त्यांनी थेट जमशेदपूर गाठलं आणि टाटांच्या कारखान्यात नोकरी धरली. कुठं मद्रास आणि कुठं जमशेदपूर! कुणालाही वाटलं असतं, संपलं, आता हा माणूस पडद्यावर काही दिसत नाही.

पण दोन-तीन वर्षांत पुन्हा बोलावणं आलं. या खेपेला नायकाची भूमिका मात्र नव्हती. १९४९चा 'मना देशम', १९५०चा 'पल्लेटूरी पिल्ला', अशा चित्रपटांत कामं मिळत गेली. 'षावुकारु' या १९५०च्या चित्रपटात तर ते गावगुंड झाले. षावुकारु म्हणजे सावकार. 'नायक म्हणून आलो होतो, आता गुंड कसा होऊ?' असं म्हणून अडून बसले असते, तर ही गोष्ट इथंच संपली असती.

'षावुकारु' काढणारी कंपनी होती विजया प्रॉडक्शन्स. तिचे मालक नागी रेड्डी आणि चक्रपाणी. ही नावं नीट वाचा, कारण आपल्या घरांशी त्यांचं जुनं नातं आहे. याच जोडीनं १९४७मध्ये मुलांसाठी 'चंदामामा' मासिक सुरू केलं. त्याचीच मराठी आवृत्ती म्हणजे 'चांदोबा'! तुमच्या आईबाबांना, आजीआजोबांना विचारा, विक्रम आणि वेताळाचं ते चित्र अजून त्यांच्या डोळ्यांपुढे असेल. तर सांगायची गोष्ट अशी, की चांदोबात जसे मांत्रिक, गुहा, राजकन्या आणि जादूच्या वस्तू असायच्या, तसाच एक चित्रपट या मंडळींनी १९५१मध्ये काढला. त्याचं नाव 'पाताळ भैरवी'.

त्यात माळ्याचा शूर मुलगा तोटा रामुडू हा नायक. ते काम एन. टी. रामाराव यांनी केलं. हेच रामाराव पुढे १९८३मध्ये आंध्र प्रदेशचे मुख्यमंत्री झाले. आणि त्या मुलाला देवीपुढे बळी द्यायला निघालेला कपटी नेपाळी मांत्रिक म्हणजे आपले रंगाराव. टोकदार दाढी, तिरका डोळा आणि शब्द चघळत बोलण्याची अशी काही ढब, की प्रेक्षक नायकाइतकीच मांत्रिकाचीही वाट पाहायचे. हा मांत्रिक त्या मुलाला 'डिंभका' म्हणून हाक मारतो. संस्कृतात डिंभ म्हणजे लेकरू. ही हाक आंध्रात इतकी लोकप्रिय झाली, की घरोघरची मुलं एकमेकांना तशीच हाक मारू लागली. १९५२मध्ये मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला, तिथंही 'पाताळ भैरवी' दाखवला गेला.

आता एक हिशेब करू. हा मांत्रिक रंगवला तेव्हा रंगाराव अवघे बत्तीस वर्षांचे होते. रामाराव होते सत्तावीस वर्षांचे. दोघांत पाच वर्षांचंसुद्धा अंतर नाही! आणि पुढची गंमत तर आणखी मोठी. १९६२मध्ये 'गुंडम्म कथा' नावाचा विनोदी चित्रपट आला. त्यात रामाराव आणि ए. नागेश्वरराव हे दोन मोठे नायक सख्खे भाऊ दाखवले होते. त्यांचे वडील कोण? रंगाराव! मुलगा एकोणचाळीस वर्षांचा आणि बाप त्रेचाळीस वर्षांचा! तुमचा थोरला दादा जर उद्या तुमचा बाप म्हणून रंगमंचावर उभा राहिला, तर तुम्हाला हसू आवरेल का? पण थिएटरात कुणीही हसलं नाही. कारण रंगाराव पांढरे केस लावून थांबत नसत. त्यांचं चालणं, मान वळवणं, मुलाकडे पाहताना डोळ्यांत येणारं कौतुक, हे सगळं बापाचं असायचं. रंगभूषेनं केस पांढरे होतात, दोस्तांनो. वय मात्र नटाला स्वतः आणावं लागतं.

अशा नटाला चरित्र अभिनेता म्हणतात. नायक आणि नायिका सोडून गोष्टीतली जी महत्त्वाची माणसं असतात, ती उभी करणारा हा नट. घर पाहायला आलेला पाहुणा भिंतीच्या रंगाचं कौतुक करतो, पायाचं कुणी करत नाही. चित्रपटात चरित्र अभिनेता हा पाया. बाप खरा वाटला तरच मुलाचं दुःख खरं वाटतं. मांत्रिक भयंकर वाटला तरच त्याला हरवणारा शूर वाटतो. नाहीतर नायकानं कितीही तलवार फिरवली तरी ती पुठ्ठ्याचीच!

रंगारावांचं सर्वांत लाडकं काम मात्र १९५७चं, 'मायाबाजार' चित्रपटातलं. दिग्दर्शक के. व्ही. रेड्डी आणि कंपनी तीच, विजया. गोष्ट आपल्या ओळखीची, वत्सलाहरणाची. बलरामाची मुलगी अभिमन्यूला द्यायचं ठरलेलं असतं. पण पांडव राज्य गमावतात आणि मग ती दुर्योधनाच्या मुलाला, लक्ष्मणाला, द्यायचा घाट घातला जातो. आपण जिला वत्सला म्हणतो तिला तेलुगूत शशिरेखा म्हणतात. अभिमन्यूच्या मदतीला धावून येतो त्याचा थोरला भाऊ, भीमाचा मुलगा घटोत्कच. म्हणजेच रंगाराव! आणि एक मौज सांगू? महाभारतावरच्या या चित्रपटात पाच पांडवांपैकी एकही पडद्यावर येत नाही. सारा भार घटोत्कचावर आणि कृष्णावर!

हा घटोत्कच राक्षस आहे, पण पोरांना भीती वाटण्याऐवजी त्याच्या खांद्यावर बसावंसं वाटेल असा. खांद्यावर गदा, चालण्यात ऐट, बोलण्यात थाट आणि मनानं अगदी लहान मूल. लग्नघरातल्या जेवणावर तो एकटाच ताव मारतो, तो प्रसंग आणि ते गाणं आंध्रात आजही लग्नाच्या पंगतीला आठवतंच.

पण मला तुम्हाला दाखवायचंय ते वेगळंच. घटोत्कच मायेनं शशिरेखेचं रूप घेतो आणि खरी शशिरेखा पळवून नेतो. म्हणजे आता दिसायला शशिरेखा, पण आत घटोत्कच! हे काम कुणी केलं? शशिरेखा झालेल्या सावित्री या नामवंत अभिनेत्रीनं. नाजूक मुलगी ढांगा टाकत चालते, छाती काढून उभी राहते, नवऱ्या मुलाचा पाय असा काही दाबते की तो बिचारा कळवळतो. हे सगळं सावित्रीबाईंनी कुणाचं पाहून उचललं? रंगारावांनी रंगवलेल्या घटोत्कचाचं! नायिकेनं राक्षसाची नक्कल करायची, आणि ती प्रेक्षकांना क्षणात ओळखू यायची. राक्षस तितका ठसठशीत उभा राहिला नसता, तर त्या प्रसंगात गंमत तरी राहिली असती का?

नंतर १९६३मध्ये आला 'नर्तनशाला', पांडवांच्या अज्ञातवासाची गोष्ट. त्यात रंगाराव झाले कीचक. कीचक म्हटलं की आपल्याला आठवतं ते खाडिलकरांचं 'कीचकवध' नाटक. १९०७मध्ये ते रंगभूमीवर आलं आणि १९१०मध्ये इंग्रज सरकारनं त्यावर बंदी घातली, कारण प्रेक्षकांना उन्मत्त कीचकात लॉर्ड कर्झन दिसायचा! असा हा द्रौपदीवर वाईट नजर ठेवणारा दुष्ट माणूस. रंगारावांनी तो असा रंगवला, की १९६४मध्ये जाकार्ता इथं भरलेल्या आफ्रो-आशियाई चित्रपट महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक त्यांना मिळालं. चित्रपटाचे नायक रामाराव, पण परदेशातलं बक्षीस आणलं कीचकानं! १९६७च्या 'भक्त प्रल्हाद'मधला त्यांचा हिरण्यकश्यपूही असाच जबरदस्त.

एव्हाना नाव झालं होतं, पैसाही आला होता. मग रंगाराव स्वतः निर्माते झाले. निर्माता म्हणजे काय, तर चित्रपटासाठी पैसा उभा करणारा, माणसं जमवणारा आणि चित्रपट पडला तर नुकसान सोसणारा. 'वरूधिनी' पडल्यावर काय होतं, ते ज्यानं भोगलं होतं, त्यानंच ही जोखीम अंगावर घ्यावी, हे विशेष! दिग्दर्शनही त्यांनीच केलं. १९६७मध्ये काढला 'चदरंगम', म्हणजे बुद्धिबळ. १९६८मध्ये काढला 'बांधव्यालु', म्हणजे नातीगोती. आता पैसे स्वतःचे, हुकूम स्वतःचा. मनात आणलं असतं तर तलवार घेऊन राजपुत्र झाले असते. अडवणारं कोण होतं? पण 'बांधव्यालु'मध्ये त्यांनी एका एकत्र कुटुंबाची गोष्ट सांगितली आणि स्वतःकडे काम घेतलं ते घरातल्या वडीलधाऱ्याचं. दोन्ही चित्रपटांना आंध्र प्रदेश सरकारचे नंदी पुरस्कार मिळाले. 'बांधव्यालु'ला तर सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा.

१८ जुलै १९७४ रोजी मद्रासमध्ये हृदयविकारानं रंगाराव गेले. वय फक्त छप्पन्न. म्हणजे पडद्यावर इतके म्हातारे रंगवलेला हा माणूस खराखुरा म्हातारा कधी झालाच नाही! २०१३मध्ये भारतीय चित्रपटाला शंभर वर्षं झाली तेव्हा टपाल खात्यानं पन्नास कलावंतांची तिकिटं काढली. त्यांत एक तिकीट रंगारावांचं आहे. तिकिटं जमवणाऱ्यांनी आपला संग्रह जरूर चाळून पाहावा.

आणि हो, 'मायाबाजार' मुळात काळापांढरा. २०१०मध्ये तो रंगीत करून पुन्हा लावला गेला. बघायला मिळाला तर सोडू नका. तेलुगू येत नाही म्हणून अडणार नाही, गोष्ट तर पाठच आहे. फक्त एक करा. पडद्यावर घटोत्कच नसेल, तेव्हा तुमचा तुम्हीच अंदाज घ्या, की तुम्ही कुणाची वाट पाहताय. अभिमन्यूची, की त्या राक्षसाची?

उत्तर मला कळवा. भेटूच पुढच्या आठवड्यात!