खेळ गेला, बिऱ्हाड राहिले

संगणकावर एखादा खेळ बसवायला फारशी अक्कल लागत नाही. दोनदा 'पुढे' म्हणायचे, एकदा 'मान्य आहे' म्हणायचे आणि पडद्यावरची पट्टी भरत जाताना पाहात बसायचे. तोच खेळ नकोसा झाला म्हणजे मात्र खरी गंमत सुरू होते. वार्षिक परीक्षा तोंडावर आलेली असते, घरात संगणक एकच, ताईच्या प्रकल्पाला डिस्कवर जागा उरलेली नसते आणि या एकट्या खेळाने ऐंशी-नव्वद गिगाबाइट अडवून ठेवलेले असतात. मग घरातले कोणीतरी पडद्यावरचे खेळाचे चित्र उचलून कचरापेटीत टाकते आणि 'काढला!' असे जाहीर करते. जागा मात्र तसूभरही वाढत नाही. असे का व्हावे बरे?

कारण ते चित्र म्हणजे खेळ नव्हेच. ती नुसती दारावरची पाटी. पाटी उतरवली म्हणून आतले बिऱ्हाड घर सोडून जात नाही.

इथपर्यंतचे तुम्हांपैकी पुष्कळांना ठाऊक असेल. संगणकाच्या 'सेटिंग्ज'मध्ये जायचे, बसवलेल्या प्रोग्रॅमांची यादी उघडायची आणि खेळाचे नाव निवडून 'अनइन्स्टॉल' म्हणायचे, हेही ठाऊक असेल. माझा प्रश्न त्याच्या पुढचा आहे. असे म्हटल्यावर खेळ खरोखर सगळाच्या सगळा जातो का? आणि जात नसेल, तर मागची आवराआवर कोणी करायची? माझ्या मते ती खेळ बनवणाऱ्याने करायला हवी. आज ती बऱ्याच वेळा तुमच्या-आमच्या गळ्यात पडते, आणि आपण मुकाट्याने पडू देतो.

प्रथम हा पाहुणा घरात कोठे कोठे पथारी पसरतो ते पाहू. १९९३ साली 'डूम' हा प्रसिद्ध खेळ आला, तेव्हा घरगुती संगणकांवर डॉस नावाच्या कार्यप्रणालीचे राज्य होते. त्या काळचा खेळ बहुधा एकाच फोल्डरमध्ये नांदत असे. फोल्डर पुसला की खेळ संपला. १९९५ साली 'विंडोज ९५' आली आणि 'रजिस्ट्री' नावाच्या मोठ्या नोंदवहीचा वापर सर्रास होऊ लागला. कोणता प्रोग्रॅम कोठे बसवला आहे, त्याच्या मालकाला कोणती भाषा हवी, आवाज किती मोठा ठेवायचा, अशा हजारो बारीकसारीक गोष्टी या वहीत लिहिल्या जातात. शिवाय आजचा खेळ आपल्या फाईली एका जागी ठेवत नाही. मुख्य माल 'प्रोग्रॅम फाईल्स'मध्ये किंवा खेळ विकणाऱ्या दुकानदार प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये असतो. तुम्ही कितव्या पातळीवर पोचलात याची नोंद 'डॉक्युमेंट्स' वा 'सेव्ह्ड गेम्स'मध्ये असते. तात्पुरत्या गोष्टी 'ॲपडेटा' नावाच्या फोल्डरमध्ये जातात. हा फोल्डर एरवी डोळ्यांना दिसतही नाही, कारण तो लपवलेला असतो.

आता हे सगळे काढायचे कसे? चांगला बसवणारा प्रोग्रॅम आपण काय काय ठेवले याची यादी करून ठेवतो. वाण्याच्या उधारीच्या वहीसारखीच ही यादी: अमुक फाईल अमुक जागी, रजिस्ट्रीत अमुक नोंद. काढण्याच्या वेळी तीच यादी उलटी वाचायची आणि एकेक वस्तू उचलायची. कल्पना अगदी चोख आहे. पण यादीत तेवढेच असते, जे बसवण्याच्या दिवशी ठेवले होते! त्यानंतर सहा महिने खेळताना खेळाने स्वतः ज्या फाईली निर्माण केल्या, त्यांचा त्या वहीत पत्ताच नसतो. अनइन्स्टॉल केल्यानंतर जे उरते, त्यातले बरेचसे हेच असते.

आणखी एक मौज आहे. विंडोजमध्ये वापरात असलेली फाईल सहसा पुसता येत नाही, आणि काढणारा प्रोग्रॅम स्वतःही एक फाईलच असतो. म्हणजे कालिदासाच्या गोष्टीतल्याप्रमाणे, बसलेली फांदीच त्याला तोडायची असते. म्हणून पुष्कळ वेळा तो आपली एक प्रत तात्पुरत्या फोल्डरमध्ये करतो, तेथून मूळ फाईल पुसतो, आणि जे आता जमत नाही ते संगणक पुन्हा सुरू होताना करण्यासाठी लिहून ठेवतो. 'संगणक पुन्हा सुरू करा' ही सूचना आपण कंटाळून टाळतो. ती टाळू नये, हे यावरून ध्यानात येईल.

'मग यादी कशाला हवी? खेळाचा सारा फोल्डर एका दणक्यात उडवावा!' असे तुमच्यापैकी एखादा म्हणेल. हे करून पाहिलेले आहे, आणि त्याचा परिणामही पाहिलेला आहे. १९९८ च्या अखेरीस अमेरिकेतील बंजी या कंपनीचा 'मिथ २' हा खेळ बाजारात येत होता. त्याचा काढणारा प्रोग्रॅम नेमके असेच करी: खेळ ज्या फोल्डरमध्ये बसवला, तो फोल्डर सरसकट पुसून टाकी. एखाद्याने खेळ स्वतंत्र फोल्डरमध्ये न बसवता डिस्कच्या अगदी मुळाशी बसवला असेल, तर खेळाबरोबर डिस्कवरचे सारे काही साफ! ही चूक वेळेवर लक्षात आली आणि कंपनीने तयार झालेल्या तबकड्या परत बोलावल्या. तिला मोठा आर्थिक फटका बसला, पण ग्राहकांच्या फाईली वाचल्या. मला या कंपनीचे कौतुक वाटते.

डिसेंबर २००७ मध्ये आइसलँडच्या सीसीपी कंपनीच्या 'ईव्ह ऑनलाइन' या खेळाची सुधारित आवृत्ती आली. तिने स्वतःची एक जुनी फाईल पुसायची होती. तिचे नाव 'बूट.आयएनआय'. दुर्दैवाने याच नावाची दुसरी फाईल विंडोज एक्सपीची होती, आणि संगणक सुरू होण्यासाठी तिची गरज असे. पत्ता लिहिण्यातल्या चुकीमुळे खेळाची फाईल राहिली आणि विंडोजची गेली. दुसऱ्या दिवशी कित्येकांचे संगणक उठलेच नाहीत. तेव्हा काढणारा प्रोग्रॅम थोडा भित्रा असतो आणि आपली खात्री नसलेल्या वस्तूला हात लावत नाही, याबद्दल आपण त्याला दोष देऊ नये.

मग माझी तक्रार कशाबद्दल आहे? उरलेल्या वस्तूंचे दोन प्रकार आहेत, आणि त्यांतला भेद फार थोडे लोक करतात. बिऱ्हाडकरू जाताना भिंतीत चार खिळे आणि माळ्यावर एक फुटका डबा ठेवून गेला, तर आपले काही बिघडत नाही. पण तो आपल्या घराची दुसरी किल्ली खिशात घालून गेला, किंवा आपला एक माणूस मागे ठेवून गेला आणि तो माणूस रोज सकाळी उठून घरभर फिरतो आहे, तर? रजिस्ट्रीतल्या जुन्या नोंदी आणि जतन केलेल्या पातळ्या हे खिळे झाले. त्या निजलेल्या असतात. जागा राहतो तो 'ड्रायव्हर' आणि 'सर्व्हिस' यांचा वर्ग, म्हणजे संगणक सुरू होताच कोणी न बोलावता कामाला लागणारे प्रोग्रॅम. खेळांच्या बाबतीत हे दोन कारणांनी येतात: एक, खेळाची चोरटी नक्कल होऊ नये म्हणून, दुसरे, खेळणाऱ्याने लबाडी करू नये म्हणून.

दोन्ही हेतू योग्यच आहेत. प्रश्न अधिकाराचा आहे. कार्यप्रणालीच्या गाभ्याला कर्नल म्हणतात. साध्या प्रोग्रॅमला तेथे शिरकाव नसतो. तो ओसरीवर बसून हवे ते मागतो आणि कर्नल ते देतो किंवा नाकारतो. कर्नलमध्ये बसणारा ड्रायव्हर मात्र थेट तिजोरीच्या खोलीत असतो. त्याला संगणकाच्या स्मृतीतील काहीही वाचता येते, काहीही थांबवता येते.

सप्टेंबर २००८ मध्ये 'स्पोर' नावाचा खेळ आला. त्याच्यासोबत 'सिक्युरॉम' हे नक्कलविरोधी साधन संगणकात जाई. त्याच महिन्यात अमेरिकेत प्रकाशक कंपनीवर दावा दाखल झाला. हे साधन बसवले जाते हे ग्राहकाला नीट सांगितले जात नाही, आणि खेळ काढला तरी ते जात नाही, असे दाव्यात म्हटले होते. स्टारफोर्स नावाच्या दुसऱ्या एका साधनाचे ड्रायव्हरही खेळ काढल्यावर मागे राहात, आणि त्यांना घालवण्यासाठी वेगळा प्रोग्रॅम आणावा लागे.

'राहिला तर राहिला, तो काय करतो आहे?' या प्रश्नाचे उत्तर २०२२ साली मिळाले. 'गेन्शिन इम्पॅक्ट' या लोकप्रिय खेळाचा एक लबाडीविरोधी ड्रायव्हर होता. त्याच्यावर रीतसर सही-शिक्का असल्यामुळे विंडोज त्याच्यावर विश्वास ठेवी. खंडणीखोरांनी नेमका तोच ड्रायव्हर वापरून संगणकाचे विषाणुविरोधी पहारेकरी बंद पाडले, हे ट्रेंड मायक्रो या सुरक्षा कंपनीने त्या वर्षी ऑगस्टमध्ये उघड केले. येथे न्यायाने बोलले पाहिजे. चोरांनी तो ड्रायव्हर आपल्याबरोबर आणला होता. खेळ संगणकावर असण्याची त्यांना गरज नव्हती. पण त्यातून एक गोष्ट स्पष्ट होते. सज्जनाने बनवलेला ड्रायव्हरही सदोष असू शकतो, आणि त्या दोषाचे मोल फार मोठे असते. खेळ बसवलेला असेपर्यंत निदान त्याच्या सुधारणा येत राहतात. खेळ काढला आणि ड्रायव्हर राहिला, तर त्याची डागडुजी कोण करणार? तो तसाच, आहे त्या दोषांसह, तिजोरीच्या खोलीत बसून राहणार.

म्हणून माझे मत असे आहे. जो खेळ कर्नलमध्ये माणूस ठेवतो, त्याने बसवण्यापूर्वी हे मोठ्या अक्षरांत सांगितले पाहिजे आणि जाताना तो माणूस घेऊन गेले पाहिजे. तो दुसऱ्या खेळालाही लागत असेल, तर निदान तसे सांगून त्याचे नाव काढता येणाऱ्या प्रोग्रॅमांच्या यादीत ठेवावे. २०२० सालच्या 'व्हॅलोरंट' खेळाचा 'व्हॅनगार्ड' नावाचा पहारेकरी या यादीत वेगळ्या नावाने दिसतो आणि वेगळा काढता येतो. खेळ काढणाऱ्या किती मुलांच्या हे ध्यानात येत असेल, कोण जाणे. तरीही, नाव दिसते ही सभ्यता झाली. जतन केलेल्या पातळ्यांविषयी माझी काहीच तक्रार नाही, पण 'या ठेवू की पुसू?' असे एकदा विचारावे. आणि शेवटी पावती द्यावी: हे हे काढले, हे हे ठेवले, या कारणासाठी. बसवताना शंभर पानांचा करार दाखवता येतो, तर जाताना अर्ध्या पानाची पावती देणे अवघड नाही.

उलट बाजूने एक इशारा. 'तुमची रजिस्ट्री घाण झाली आहे, आम्ही साफ करतो' असे ओरडणारे प्रोग्रॅम फुकट मिळतात. त्यांच्या नादी लागू नका. मायक्रोसॉफ्ट कंपनीचाही अशा साधनांना पाठिंबा नाही. चार खिळे उपटण्यासाठी ते कधी कधी भिंतच पाडतात. काही जण थेट डिस्क फॉर्मॅट करायला निघतात. एका खेळासाठी घर जाळण्याचे कारण नाही. यादीत 'व्हिज्युअल सी प्लस प्लस' अशा नावाच्या पाच-सहा नोंदी दिसल्या तर त्याही राहू द्या. ती सामायिक भांडी आहेत, इतर प्रोग्रॅमही त्यांतच जेवतात.

तुम्ही करायचे ते थोडे आहे. संगणक घरातल्या सर्वांचा असेल तर आधी सर्वांना विचारा. खेळ पूर्ण बंद करा आणि यादीतूनच काढा. दुकानदार प्रोग्रॅममधून घेतला असेल तर त्याच्यातून काढा. मग यादी पुन्हा वरपासून खालपर्यंत वाचा आणि खेळाच्या किंवा त्याच कंपनीच्या नावाचे काही उरले आहे का ते पाहा. संगणक पुन्हा सुरू करा. 'टास्क मॅनेजर' उघडून, सुरुवातीला आपोआप उठणाऱ्या प्रोग्रॅमांत आणि 'सर्व्हिसेस'मध्ये तो कोठे आहे का ते तपासा. अनोळखी नाव दिसले म्हणून लगेच पुसू नका. कंपनीचे नाव वाचा, मोठ्यांना किंवा शाळेतल्या संगणकाच्या सरांना विचारा. कंपनीकडे तुमचे खाते असेल तर ते संगणकात नसतेच, दूरच्या यंत्रावर असते. ते बंद करण्याची विनंती वेगळी करावी लागते, आणि अठरा वर्षांखालील मुलांनी ती आई-वडिलांना सोबत घेऊन करावी.

एवढे झाल्यावर 'डॉक्युमेंट्स' आणि 'सेव्ह्ड गेम्स'मध्ये खेळाच्या नावाचा फोल्डर सापडेल. तो पुसण्यापूर्वी धाकट्या भावाला एकदा विचारा. त्यात कदाचित त्याची चाळिसावी पातळी असेल. ती पेनड्राइव्हवर उतरवून घेतली की फोल्डर खुशाल काढा.