वहीत न लिहिलेले गोल

दिवाळीनंतर वीर निर्वाण संवताचे नवे वर्ष सुरू होते आणि व्यापारी घरांत वहीपूजन होते. कोऱ्या वहीच्या पहिल्या पानावर स्वस्तिक उमटते आणि मग वर्षभर रोजमेळात आलेला-गेलेला प्रत्येक रुपया उतरत राहतो. आता हिशेब संगणकावर गेला असला तरी पेढीचा नियम बदललेला नाही: जे लिहिले नाही ते सांगण्यात अर्थ नाही. खेळाच्या जगालाही हाच नियम लागू आहे. मात्र तेथे वही ठेवणारा सर्वत्र सारखाच दक्ष असतो असे नाही. हॉकीतील दोन थोर खेळाडूंची चरित्रे शेजारी शेजारी ठेवली की हे विशेष जाणवते. त्यांतील एक कॅनडाचा, बर्फावरचा. दुसरा खडकीचा, म्हणजे कोरेगाव भीमाहून नगर रस्त्याने पुण्याला माल नेणाऱ्या गाड्यांच्या जवळजवळ वाटेवरचा.

आइस हॉकी गोठलेल्या मैदानावर खेळली जाते. बुटांना पोलादी पाती लावलेले सहा-सहा खेळाडू समोरासमोर असतात आणि चेंडूऐवजी रबराची चपटी चकती असते; तिला पक म्हणतात. या खेळातील सर्वांत मोठे नाव वेन ग्रेट्स्की. जन्म 26 जानेवारी 1961, ओंटारिओ प्रांतातील ब्रँटफर्ड येथे. वडील वॉल्टर टेलिफोन कंपनीत नोकरीला होते. हिवाळा आला की ते घरामागच्या अंगणात पाणी सोडून ठेवीत. रात्रीच्या थंडीत ते गोठे आणि सकाळी मुलासाठी मैदान तयार होई. खर्च म्हणाल तर पाण्याचा आणि झोपमोडीचा. पक जिथे आहे तिथे धावू नकोस, जिथे जाणार आहे तिथे पोहोच, ही वडिलांची शिकवण. बाजाराचा कल ओळखून माल भरणाऱ्यांना ती वेगळी समजावून सांगण्याची गरज नाही. दहा वर्षांच्या वेनने एका हंगामात 378 गोल केले, आणि हा आकडा आजही सांगता येतो, कारण मुलांच्या त्या स्पर्धेतही कोणीतरी तो लिहून ठेवला होता.

पुढे नॅशनल हॉकी लीगमध्ये 1979 पासून 1999 पर्यंत वीस हंगाम, 1487 सामने, 894 गोल. 1981-82 च्या एकाच हंगामात 92. एडमंटन ऑइलर्स संघासाठी चार वेळा स्टॅनली चषक. मात्र त्याच्या खात्यातील सर्वांत बोलका आकडा गोलांचा नाही. आइस हॉकीत गोल करणाऱ्याबरोबरच त्याच्यापर्यंत पक पोहोचवणाऱ्यांचीही नोंद होते. एका गोलामागे अशी दोन नावे लिहिता येतात आणि प्रत्येकाला गोल करणाऱ्याइतकाच एक गुण मिळतो. ग्रेट्स्कीच्या नावावर अशी 1963 साहाय्ये आहेत. त्याचे सारे गोल बाजूला काढले तरी नुसत्या या साहाय्यांचे गुण इतर कोणाही खेळाडूच्या गोल आणि साहाय्यांच्या एकूण बेरजेपेक्षा जास्त भरतात. दुसऱ्या क्रमांकावरील यारोमिर यागर 1921 वर थांबला. दुसऱ्याला दिलेलेही वहीत जमेच्या बाजूला लिहिण्याची ही पद्धत मोठी न्यायाची म्हटली पाहिजे.

हा खेळ भावनेवर चालतो असे मात्र कोणी समजू नये. 9 ऑगस्ट 1988 रोजी एडमंटनच्या मालकाने आपल्या या खेळाडूला लॉस एंजेलिसच्या संघाकडे सोपवले आणि त्या सौद्यात दीड कोटी डॉलर रोख घेतले. कॅनडाच्या संसदेत त्यावर आवाज उठला. पण सौदा मोडला नाही. गोलांचे खाते तेवढे एका संघातून दुसऱ्या संघात अखंड चालत राहिले. म्हणूनच 6 एप्रिल 2025 रोजी रशियाच्या अलेक्झांडर ओवेच्किनने 895 वा गोल केला, त्या क्षणी विक्रम मोडल्याचे सर्वांना ठाऊक होते. वाद घालायला जागाच नव्हती.

भारतातही बर्फावरची हॉकी आहे. ती बहुतांशी लडाख आणि हिमाचलच्या गोठलेल्या तळ्यांवर वाढली. 2025 मध्ये भारताच्या महिला संघाने आशिया चषकात कांस्यपदक मिळवले, आणि त्या संघाचा कणा लडाखच्या मुली आहेत. महाराष्ट्राची हॉकी मातीतली. तिचे एक जुने घर म्हणजे खडकी.

खडकीच्या दारूगोळा कारखान्याच्या वसाहतीत 16 जुलै 1968 रोजी धनराज पिल्ले यांचा जन्म झाला. घर तमिळ. वडील नागलिंगम मैदानाची निगा राखण्याचे काम करीत, आई अंदालम्मा. पाच भाऊ. मोडक्या स्टिक आणि इतरांनी टाकून दिलेले चेंडू घेऊन ही मुले कारखान्याच्या मऊ, चिखलट मैदानावर खेळत. आपल्या खेळाचे श्रेय धनराज नेहमी आईला देतात.

थोरले बंधू रमेश मुंबईत राष्ट्रीय केमिकल्सच्या संघाकडून खेळत होते. ते भारतासाठीही खेळले. 1980 च्या दशकाच्या मध्यावर त्यांनी धाकट्याला आपल्याजवळ नेले. थोरल्याने आधी शहरात पाय रोवायचे आणि मग धाकट्याला बोलावून कामाला लावायचे, ही रीत शिरूर-दौंडच्या बाजारपेठांतील जैन कुटुंबांना परकी नाही. अनेक पेढ्या अशाच उभ्या राहिल्या. फरक एवढाच की येथे गादीऐवजी मैदान होते. भावाच्या नजरेखाली तयार झालेले धनराज नंतर महिंद्राच्या संघात जोकिम कार्व्हालो यांच्या मार्गदर्शनाखाली खेळले आणि 1989 मध्ये भारतीय संघात आले.

पंधरा वर्षांत 339 आंतरराष्ट्रीय सामने. चार ऑलिंपिक, चार विश्वचषक, चार आशियाई क्रीडास्पर्धा, चार चॅम्पियन्स करंडक. 1998 मध्ये बँकॉक येथे त्यांच्या नेतृत्वाखाली भारताने आशियाई सुवर्ण जिंकले. त्याआधीचे सुवर्ण 1966 चे, तेही बँकॉकलाच. पुढे खेलरत्न, पद्मश्री, आणि 2003 मध्ये कर्णधार म्हणून आशिया चषक. दुखरी जागाही होती. सिडनी ऑलिंपिकमध्ये पोलंडविरुद्ध जिंकले असते तर भारत उपांत्य फेरीत गेला असता. शेवटच्या दोन मिनिटांत बरोबरीचा गोल झाला आणि दार बंद झाले. चार ऑलिंपिक खेळूनही या खेळाडूला ऑलिंपिक पदक मिळाले नाही.

आणि गोल किती? येथे येऊन हात थांबतो. भारतीय हॉकी संघटनेने खेळाडूंच्या गोलांची अधिकृत नोंद ठेवलीच नाही. कोणी 170 च्या वर सांगतात, कोणी 120 च्या थोडे पुढे. फरक पन्नासचा. एखाद्या पेढीच्या खतावणीत असा फरक निघाला असता तर मुनीमजींना रात्री घरी जाता आले नसते. दिलेल्या पासांचा तर प्रश्नच नको. वेगाने मुसंडी मारून बचाव फोडायचा आणि शेवटचा फटका दुसऱ्याला मारू द्यायचा, हे ज्या खेळाडूने वर्षानुवर्षे केले, त्याच्या खात्यात ती बाजू कोरीच आहे.

हिशेब न ठेवणाऱ्यांशी हिशेबाचे बोलणे अवघड असते, याचाही अनुभव त्यांनी घेतला. बँकॉकच्या सुवर्णानंतर लगेचच धनराज आणि आणखी काही ज्येष्ठ खेळाडू संघाबाहेर गेले. अधिकृत शब्द ‘विश्रांती’ असा होता. खेळाडूंना मिळणारे मानधन आणि वागणूक यांविषयी उघड बोलल्याचे ते फळ आहे, असे तेव्हा बहुतेकांनी मानले. ते परतले, आणखी सहा वर्षे खेळले, ही त्यांच्या जिद्दीची गोष्ट. परंतु ज्याच्या बाजूने लेखी काही नसते त्याला प्रत्येक वेळी नव्याने स्वतःला सिद्ध करावे लागते.

ग्रेट्स्कीची वही काही सरकारने ठेवली नव्हती. मुलांच्या संघांपासूनच सामन्याच्या टेबलाशी एक माणूस कागद घेऊन बसे, इतकेच. भीमा-घोडच्या काठच्या अनेक गावांत शाळांच्या संचालक मंडळांवर व्यापारी घरांतील माणसे आहेत, आणि स्पर्धेला चषक, टी-शर्ट, अल्पोपाहार देण्यात ती मागे राहत नाहीत. चषकावर देणगीदाराचे नाव कोरलेले असते. त्याच टेबलावर एक साधी शंभर पानी वही ठेवली, हिशेबाची सवय असलेल्या कोणा मुलाला किंवा मुलीला तेथे बसवले, आणि तारीख, समोरचा संघ, गोल कोणी केला, चेंडू कोणी दिला, एवढे चार रकाने भरून घेतले, तर त्याला चषकाच्या किमतीचा शंभरावा भागही लागत नाही. ती वही वर्षाच्या शेवटी शाळेच्या कपाटात, हजेरीपुस्तकाशेजारी राहावी.