लहरींचा खंड आणि पिकातला वाटा

धुळे-नाशिक भागातील फड पद्धतीत एका पाटाचे पाणी अनेक शेतकरी पाळीपाळीने घेतात. पाणी तेवढेच, किती रान भिजेल हे वाटणीच्या रीतीवर ठरते. भ्रमणध्वनीच्या रेडिओलहरींचेही असेच आहे. ‘मल्टिप्लेक्सिंग’ या बोजड शब्दाचा अर्थ एवढाच, की एकाच मार्गावरून अनेकांचे बोलणे परस्परांत न मिसळता नेणे. जीएसएम पद्धतीत 200 किलोहर्ट्झच्या एका पट्ट्यावर काळाचे आठ तुकडे पाळीने फिरतात व आठ संभाषणे चालतात. आवाज आणखी संकोचला, तर त्याच पट्ट्यावर सोळा बसतात. कस थोडा उतरतो, इतकेच. चौथ्या पिढीत तर 15 किलोहर्ट्झ अंतरावरच्या शेकडो उपलहरी एकाच वेळी माहिती वाहतात. जमीन तीच, पीक मात्र वाढत जाते.

हे वाढीव पीक कोणाचे? लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1995 सालीच सांगितले. 2008 साली 2001 च्या दराने वाटलेले 122 परवाने त्याच न्यायालयाने 2012 मध्ये रद्द केले. तेव्हापासून लिलाव म्हणजे रामबाण उपाय, अशी आपली समजूत झाली आहे. ती अपुरी आहे. लिलावात किंमत एकदाच ठरते. 2022 साली लिलावात गेलेल्या लहरी 20 वर्षांसाठी दिल्या आहेत. बोली लावणारा भावी तंत्र हिशेबात धरतोच, असे माझे काही सहव्यवसायी म्हणतील. पण वीस वर्षांनंतरचे तंत्र आज कोणाला दिसते?

याला उत्तर होते. लहरींच्या वापराचे शुल्क उत्पन्नाच्या टक्केवारीने घेतले जाई. तंत्राने पीक वाढले की जनतेचा वाटाही वाढे. 2021 सालच्या सुधारणांत पुढील लिलावांतील लहरींपुरते हे शुल्कच काढून टाकले. परवाना शुल्क राहिले, हे खरे. पण ते धंदा करण्याच्या परवानगीचे. जमीनमालकाने वाटा सोडून एकरकमी खंडावर समाधान मानावे, तसे हे झाले. रिकार्डो वाचलेल्या अर्थमंत्रालयाला हे कळले नसेल, असे मला वाटत नाही.

संशोधकांच्या बुद्धीचे व कंपन्यांच्या भांडवलाचे मोल मी नाकारीत नाही. दर उतरल्याने ग्राहकाचा लाभ झाला, हेही मान्य. तथापि हा लाभ स्पर्धेवर अवलंबून असतो, आणि बाजारात आता मूठभरच कंपन्या उरल्या आहेत. वाटा कायद्याने बांधलेला असला, तर त्यातून सातपुड्यातल्या पाड्यांवर मनोरे उभारण्याचा खर्च हक्काने मागता येईल.